शंभर धरा

गळ्यातला हार न काढताच अण्णा सातवीतल्या लेकीच्या वहीत डोकावले. सूतगिरणीने पगार वीस टक्क्यांनी कापला होता; तीन महिने संप लढवून अण्णांनी वीस टक्के वाढ मिळवली आणि तीनशे कामगारांच्या वतीने आजच करारावर सही ठोकली होती.

“आमचंच गणित घातलंय की गं बाईंनी! कापले तेवढे मिळाले. फिट्टंफाट!”

“नाही अण्णा. पगार शंभर धरा. वीस कापले, उरले ऐंशी. वाढ ऐंशीवर मिळते, म्हणजे सोळाच. झाले शहाण्णव.”

अण्णांनी स्वतः दोनदा करून पाहिलं. दोन्ही वेळा शहाण्णवच.

अंगणात फटाक्यांची माळ लागली. “अण्णा, झिंदाबाद!”

“चुकलंय तुझं,” अण्णा म्हणाले. “खोड ते.”

पोरीने त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि मुकाट्याने बरोबर उत्तर खोडलं.