गेटवरच्या केबिनमधले डायलॉग

केबिनमधून खलनायकाचं गडगडाटी हसू ऐकू आलं आणि शालनबाईंनी कानाचा फोन काढून छातीशी धरला.

"आमच्या ह्यांचा," त्या म्हणाल्या. "खणातच हाय अजून."

रंगकामाच्या पेंट शॉपवर काळा धूर होता. चाकणच्या या कंपनीत फोन आत नेता येत नसे. कामावर जाताना तो गेटवरच्या केबिनमध्ये, आपल्या नावाच्या खणात ठेवायचा. आग लागल्यावर जो जो बाहेर आला, त्यानं आधी आपला फोन उचलला होता. जे अजून वाजत होते, त्यांचे मालक आत होते.

आणि वाजत होते तेही कसे! साध्या बटणांच्या फोनच्या काळापासून जुन्या कामगारांनी हिंदी सिनेमांचे डायलॉगच रिंगटोन म्हणून जपले होते. एका खणात वकील कोर्टात ओरडत होता, दुसऱ्यात आई मुलासाठी रडत होती. एरवी इथं हशा पिकायचा.

शालनबाईंशेजारी गेटबाहेर उभ्या असलेल्या तेजलनं आत कामाला असलेल्या वडिलांचा नंबर अजून लावला नव्हता. बाबांच्या रिंगटोनमधला डाकू तिला लहानपणापासून पाठ होता: "कौन है? सामने आ!" त्यावर आई दर वेळी चुलीपाशी म्हणायची, "आले की, वरडताय कशाला?"

"लाव की बाई," शालनबाई म्हणाल्या. "काय ते एकदाचं कळू दे."

तिनं लावला. कानात रिंग जात होती. केबिनमध्ये वकील, आई, हसू. डाकू नाही. तिनं पुन्हा लावला. नाही.

"दत्तोबा, माझ्या बाबांचा, उद्धवरावांचा खण बघा ना."

सिक्युरिटीच्या दत्तोबांनी खणात हात घातला. "रिकामा हाय, पोरी. फोन घिऊन गेलं त्ये. सुटलीस बघ."

"मग उचलत का नाहीत?"

"ह्या गलक्यात काय ऐकू येतंय? कुनाला तरी दवाखान्यात घिऊन गेलं आसतील. तुजा बाप गप बसनारा हाय व्हय?"

शालनबाईंकडे बघायची तेजलला लाज वाटली. आईला तिनं मुद्दामच काही कळवलं नव्हतं. आता सांगायला हरकत नव्हती; तिनं आईला फोन लावला.

"आई, घाबरू नकोस. कंपनीत आग लागलीय, पण बाबा बाहेर आलेत."

"अगं बया! तू बघितलंस त्यांना?"

"नाही गं, पण फोन घेऊन गेलेत."

"फोन?" आई म्हणाली. "त्यो तर सकाळपासनं हितंच चार्जिंगला हाय. आत्ताच दोनदा वरडला."