आरशातली चूक

"काढून टाका हो तिला," दिग्दर्शक म्हणाला. "चाळीस वर्षं डोळ्यांत खुपतेय माझ्या."

जिला काढायचं ती त्याच्या शेजारीच बसली होती. मांडीवर पर्स, पर्समध्ये त्याच्या डोळ्यात घालायचे थेंब. मोतीबिंदूच्या ऑपरेशनला आठवडाच झाला होता, म्हणून बायको सोबत आली होती. एरवी असल्या ठिकाणी ती फिरकत नसे.

खोली लहान, गार, बिनखिडकीची. समोरच्या पडद्यावर त्याच्या पहिल्यावहिल्या चित्रपटातला एक शॉट थांबवून ठेवलेला. नायिका आरशासमोर बसून कानातलं काढतेय, आणि आरशाच्या कोपऱ्यात, दाराच्या चौकटीशी, छातीशी वही धरून एक पोरगी उभी. चित्रपटाच्या गोष्टीशी तिचा काडीचाही संबंध नाही. ती दिग्दर्शकाची सहायक होती, आणि सहा महिन्यांपासून त्याची बायको.

जुन्या फिल्मवरचे डाग-ओरखडे पुसणारी मुलगी कीबोर्डवर बोटं ठेवून तयार होती. "दहा मिनिटांचं काम आहे, सर. मग फाइल पाठवून देऊ. रविवारी महोत्सवात दाखवायचाय ना."

"मग वाट कसली बघतेस?" तो उठला, दोन पावलं चालला, परत बसला. स्वस्थ बसणं त्याला ठाऊकच नव्हतं. तीन चित्रपट, आणि मग बावीस वर्षं रोजच्या मालिका. दिवसाला एक भाग उरकायचा, म्हणून शॉट संपतो न संपतो तोच तो 'पुढचा!' म्हणून ओरडायचा. युनिटमध्ये त्याचं नावच 'पुढचा' पडलं होतं.

आरशातल्या पोरीचा किस्सा मात्र तो चवीने सांगायचा. सत्कार असो, मुलाखत असो, ठरलेला. 'बघा, एकदा बाहेर गेली होती बिचारी, पण आरसा दिसल्यावर राहवतंय कुठलं? परत आली डोकावायला!' लोक पोट धरधरून हसायचे. शेजारी बसून तीही हसायची.

किस्सा तिथेच संपायचा. लॅबमधून शॉट धुऊन आला तेव्हा चूक दिसली, तोवर सेट मोडला होता, आणि साठ माणसांसमोर त्याने तिला हाकलून दिलं होतं, हे त्यात नसायचं. त्यानंतर तिने सेटवर पाऊल ठेवलं नाही. दोघं एकाच वर्गात हे काम शिकले होते. गुण तिला जास्त पडायचे.

"एक मिनिट, सर," मुलगी म्हणाली. "फिल्मच्या डब्यांबरोबर सेटवरच्या आवाजाच्या टेपाही सापडल्यात. एकदा चित्राशी जुळवून बघते, मग पुसते."

त्या काळी खरा आवाज नंतर स्टुडिओत भरायचे. सेटवरचा घ्यायचे तो नुसता अंदाजापुरता. त्यात हा शॉट बिनसंवादाचा, म्हणजे कॅमेरा चालू असताना दिग्दर्शकाने खुशाल बोलावं. त्या टेपा पुन्हा कुणी ऐकतही नसे.

चित्र हललं. आधी नुसती खरखर, मग एक तरुण, चढा आवाज.

"हां, काढ कानातलं... सावकाश... आता मान वर."

नायिकेने मान वर केली. आरशातल्या पोरीची नजर आरशावर पडली. ती दचकली आणि चटकन चौकटीबाहेर सरकली.

"ए, कुठे चाललीस तू?" आवाज खेकसला. "जागेवर ये! मी सांगेपर्यंत हलायचं नाही."

पोरगी परत आली. वही छातीशी घट्ट धरून उभी राहिली.

मुलीने हळूच त्याच्या बायकोकडे पाहिलं.

"परत लाव," दिग्दर्शक म्हणाला. तिने लावलं. "परत." तिसऱ्या वेळी तो पडद्याला नाक लागेल इतका पुढे जाऊन उभा राहिला, आणि नको तो डोळा चोळायला लागला.

"चोळू नकोस," बायको म्हणाली.

"मी बोलावलं होतं तुला परत?"

"ऐकलंस ना आता."

"मग तेव्हा बोलली का नाहीस? मी एवढा ओरडत होतो सगळ्यांसमोर..."

"तुझा पहिला चित्रपट. साठ माणसं तुझ्या तोंडाकडे बघत होती. चूक तुझी निघाली असती तर दुसऱ्या दिवसापासून कुत्र्यानेही विचारलं नसतं तुला." तिने थेंबांची बाटली काढली, झाकण उघडलं, परत लावलं. "मला वाटलं, घरी आल्यावर तरी चुकलं म्हणशील. तू किस्सा सांगायला लागलास."

तो मटकन खुर्चीत बसला. सत्काराचे सगळे हॉल, सगळी हसणारी माणसं, आणि त्यांत हसणारी ती, एकदम आठवली.

"नको काढूस तिला!" तो घाईघाईने मुलीला म्हणाला. "आहे तशी राहू दे. मी रविवारी स्टेजवर सांगतो सगळं. खरं काय ते सांगतो. लोकांना कळू दे..."

"म्हणजे आणखी एक किस्सा," बायको म्हणाली.



"सर, नक्की काय करू?" मुलीने विचारलं. "काढू की ठेवू?"

त्याने बायकोकडे हात केला. "तिला विचार."

बायकोने चष्मा चढवला. पडद्यावरच्या पोरीकडे ती बराच वेळ बघत राहिली.

"हिला सोड आता," ती म्हणाली. "चाळीस वर्षं उभी आहे, पाय भरून आले असतील."

मुलीने मान डोलावली. "आणि सरांचा हा आवाज? रविवारच्या फाइलमधून तोही पुसते."

"तो राहू दे," बायको म्हणाली. "नीट ऐकू येईल असा ठेव."