पट्टीशिवाय बारसं

काल वाणसामानाच्या दुकानात एका अनोळखी बाईने मृदुलाला थांबवलं. "लग्नातला तुमचा उखाणा किती गोड होता हो!" म्हणत तिने तो घडाघड म्हणूनही दाखवला. मृदुला कसनुसं हसली. कपाळाला आठवणी पाठवणारी पट्टी लावून तिने लग्नाची आठवण आपल्या लाखो चाहत्यांना वाटून टाकली होती, आणि एकदा वाटलेली आठवण स्वतःच्या डोक्यात उरत नाही.

आज तिच्या लेकीचं बारसं. बायका पाळण्याभोवती जमल्या, नणंद बाळाच्या कानात नाव सांगायला वाकली, तेवढ्यात नवरा पट्टी घेऊन धावत आला.

"लाव लवकर! लाखो लोक खोळंबलेत."

"खोळंबू देत."

"अगं, विसरतील तुला!"

"विसरू देत की. मी नको विसरायला."

तिने पट्टी कडकन मोडली आणि घुगऱ्यांच्या रिकाम्या पातेल्यात टाकली. मग चाहत्यांसाठी समोर चालू ठेवलेल्या फोनकडे बघून ती म्हणाली, "माझ्या लग्नाला तुम्ही सगळे होतात, एक मीच नव्हते. बारशाला मी आहे. तुम्ही निघा."

फोन बंद करून ती पाळण्याशी येऊन बसली.

"हं ताई, आता सांगा नाव."