पूर्ण फळा

रामभाऊंचा डोळा लागला आणि यंत्रावरचं साल मागं जायला लागलं. सत्त्याण्णव, ऐंशी, पासष्ट. एकोणीसशे अडतीसवर येऊन ते थांबलं. उपासनानं हात कोटाच्या खिशात घातले. इन्स्ट्रक्टर कुमार बघत होता.

"सात मिनिटं," कुमार म्हणाला. "आतमध्ये पूर्ण चौथी इयत्ता. रिलॅक्स यार, आता तुझ्या हातात काही नाही."

अमेरिकेतल्या पिस्कॅटवे गावच्या एका शॉपिंग सेंटरात, लाँड्री आणि डोनटचं दुकान यांच्या मधोमध ही अकादमी होती. पहिल्या सेमिस्टरला स्वप्न बांधायला शिकवत, दुसऱ्याला काळ वाकवायला. उपासना डेंटिस्ट. आठवडाभर लोकांचे दात कोरायची आणि शनिवारी इथं येऊन बसायची, वर्गातली सगळ्यांत थोराड विद्यार्थिनी. बाकीच्यांना स्वप्नात उडायचं होतं. तिला आपल्या बापाला चार पावलं आत न्यायचं होतं.

काटोलजवळच्या गावात रामभाऊ शाळा शिकले ते दाराबाहेरच्या पायरीवर बसून. त्यांच्या जातीच्या पोरांना आत घेत नसत. पायरीवरून फळ्याचा डावा अर्धा तेवढा दिसायचा. "गणितं डावीकडं, उत्तरं उजवीकडं," ते सांगायचे. "उत्तरं मलाच काढावी लागली, म्हणून तर इंजिनियर झालो." ऐकणारे हसायचे, तेही हसायचे. मागच्या महिन्यात डॉक्टरांनी त्यांच्या फुप्फुसांचा एक्स-रे उजेडावर धरला आणि पानगळीपर्यंतची मुदत दिली. घरी येताना गाडीत रामभाऊ सहज बोलून गेले, "एकदा पूर्ण फळा बघायचा होता." तेवढंच. मग सिग्नल हिरवा झालाय, हे त्यांनी तिला दाखवलं.

असं स्वप्न एका माणसाला एकदाच देता येतं. दुसऱ्यांदा मेंदू फसत नाही.

अडचण होती ती मालाची. स्वप्न बांधणाऱ्याच्या स्वतःच्या आठवणीतूनच बांधावं लागतं, आणि उपासनानं ती शाळा कधी पाहिलीच नव्हती. सातव्या वर्षी ती अमेरिकेत आलेली. मराठी वर्ग म्हणून तिला ठाऊक होता तो एकच, शुभाकाकूंच्या तळघरातला, रविवारचा. अंथरलेली सतरंजी, बारा मुलं, एका सुरात पाढे. रामभाऊ पाऊण तास ड्राइव्ह करून तिला तिथं सोडायचे आणि वर्ग सुटेपर्यंत बाहेर गाडीत बसायचे, बर्फ पडत असला तरी. "माझं काय, मला बाहेरची सवय आहे," ते म्हणायचे. "माझी पोरगी आत बसते ना, मग झालं." आयुष्यात आपल्या हातून एक गोष्ट पुरती झाली, असं त्यांना वाटायचं, ती ही. कसा होता वर्ग, विचारलं की उपासना छान म्हणायची. पुढं कधीतरी स्विमिंगचं कारण सांगून तिनं तो सोडला.

तर ते तळघर तिनं उचललं. फरशी उखडून शेणानं सारवलं. वॉटर हीटर काढला, तिथं मास्तरांची खुर्ची ठेवली. छतालगतच्या खिडक्या खाली ओढल्या. हिरवा फळा काळा केला आणि बापाला त्याच्या बरोबर समोर, पहिल्या रांगेत बसवलं. एकेक तास तीनतीनदा तपासला. मधल्या सुट्टीचं मात्र तिनं काहीच बांधलं नाही.

कुमारनं टोकलं होतं. "गॅप ठेवू नको. रिकामी जागा स्वप्न आपली आपण भरतं. तुझ्याच मालानं."

"सुट्टीत काय असतं?" ती म्हणाली होती. "पोरं खेळतात."

आता रामभाऊंचे ओठ हलत होते. पाढे म्हणत असावेत. चौथ्या मिनिटाला त्यांच्या चेहऱ्यावर हसू आलं. असं हसू उपासनानं चौतीस वर्षांत पाहिलं नव्हतं. सहाव्या मिनिटाला ते मावळलं.

कुमारनं वायरी काढल्या. "काका, कसं वाटलं?"

"दिसला. पूर्ण दिसला." रामभाऊंचा आवाज कोरडा पडला होता. "उजव्या कोपऱ्यात मास्तर रोज तारीख लिहायचे. मला कधी तारीखच ठाऊक नव्हती बघा."

उपासना खाली वाकली. "मग, आवडलं ना बाबा?"

रामभाऊ उठून बसले. त्यांनी तिच्याकडं पाहिलं, आणि नुसतं पाहतच राहिले. लहान मुलाच्या अंगावरचा वळ आंघोळ घालताना अचानक दिसावा, तसं.

"सुट्टीत एका बाईनं दूध वाटलं," ते म्हणाले. "सगळ्यांना स्टीलच्या पेल्यातून. माझ्यापाशी आली तशी आत गेली आणि कागदाचा पेला घेऊन आली. पिऊन झाल्यावर म्हणाली, तुझा तूच टाक, बाहेरच्या डब्यात."

"बग असेल," कुमार पुटपुटला.

"माझंच डिझाइन चुकलं बाबा," उपासना घाईघाईनं म्हणाली. "मी सुट्टी नीट बांधली नाही. सॉरी. तुम्ही तेवढं विसरून जा, फळ्याचं लक्षात ठेवा."

रामभाऊंनी मान हलवली. खोकला आला, तो त्यांनी सावकाश संपू दिला. मग तिचा हात खिशातून ओढून काढला आणि आपल्या दोन्ही हातांत धरला.

"आमच्या गावात तेव्हा कागदाचे पेले नव्हते," ते म्हणाले. "किती रविवार, पोरी?"