साहेबांचा पंखा

देवस्थळी साहेब वारून बरीच वर्षं झाली, पण त्यांच्या मेंदूची प्रत कचेरीत अजून अधीक्षक होती. प्रतीला वय नसतं, म्हणून निवृत्तीही नाही, असा निकाल न्यायालयाने आज दिला. सेवाज्येष्ठतेत त्यांच्या खालोखाल असलेल्या, त्यांच्या जागेसाठी दावा लावणाऱ्या कुमुद खांबेटे दमून कचेरीत परतल्या. त्यांच्या नोकरीचा आज शेवटचा दिवस होता. साहेबांच्या रिकाम्या खुर्चीवर मानाचा पंखा फिरत होता.

"हरलात ना बाई?" टेबलावरच्या पेटीतून साहेब म्हणाले. "मीही थकलोय हो. पण राजीनाम्याला जिवंत माणसाची सही लागते."

"वरचे लोक माझीही प्रत काढतो म्हणाले. तुमच्या हाताखाली, कायमची."

"मग?"

"नको म्हटलं. माझ्या हाताखालची शेवंता बढतीसाठी कधीची खोळंबलीय, तिला तरी माझी जागा मिळू दे."



"जाताना पंखा बंद करा," साहेब म्हणाले. "इथे कोणी बसलेलं नाही."