अप्पांचा नंबर

वडिलांच्या दहाव्याच्या गडबडीत त्यांचा मोबाईल नक्की कुठं ठेवला ते आईला आठवेना. रणजितनं शोधायला म्हणून अप्पांचा नंबर लावला, बारा वर्षांत पहिल्यांदाच. मुंबईत मालिकांना संगीत देता देता त्याला सवड अशी मिळालीच नव्हती. फोन कायम अप्पाच करायचे आणि तो स्टुडिओतून “नंतर बोलतो” म्हणून ठेवून द्यायचा. आता कानात रिंगऐवजी त्याच्याच पहिल्या मालिकेचं शीर्षकगीत सुरू झालं. तो फोन कानाला धरूनच ओट्यावर बसला. शेजारच्या दगडाबाईंनी “काय झालं रं?” विचारलं, तसा त्यानं फोन त्यांच्या कानाला लावला. “आरं, अप्पास्नी फोन केला की तुझंच गाणं वाजतंय. साऱ्या भवानीनगरला पाठ हाय. तू कधी ऐकलं न्हाईस?” तेवढ्यात गोठ्यात वाजणारा मोबाईल आईनं आणून त्याच्यासमोर ठेवला. तो वाजायचा थांबला की रणजित पुन्हा नंबर लावत होता.