पुलावरची राणी

पडद्यावर लोद्रो आजोबांनी हातातली काठी चित्रातल्या राणीवर टेकवली, कडवं संपवलं, आणि बायलकुप्प्याच्या तिबेटी वस्तीतल्या सभागृहातले सगळे म्हातारे-म्हाताऱ्या एका सुरात म्हणाले, "ओम मणि पद्मे हूं."

त्यांचं म्हणून होईस्तोवर पडद्यावरचे आजोबा पुढचं अर्धं कडवं गाऊन मोकळे झाले होते.

"अगं, थांबव त्यांना!" पेल्झोम आजी ओरडल्या. "राणी नरकाच्या पुलावर होती ना? कुठं गेली?"

"पलीकडं पोचलीसुद्धा," मागून कुणीतरी म्हणालं.

"आपल्याशिवाय?"

सिनेमा बनवणाऱ्या नोरझिननं कपाळाला हात लावला. वस्तीत अशी चित्रावर काठी ठेवून कथा गाणारे लोद्रो आजोबा शेवटचे. चित्रीकरण संपलं आणि त्यांचा गळा बसला, तो कायमचा. आता ती कथा ऐकू येणार ती हिच्या सिनेमातच. आणि ही मंडळी तीसुद्धा धड ऐकायला तयार नाहीत!

"आजी, खोलीत आम्ही कुणालाच आत घेतलं नव्हतं. आवाज स्वच्छ हवा म्हणून. आजोबा दर कडव्यानंतर गप्प बसून कॅमेऱ्याकडं बघत राहायचे. ते सगळं कापलं मी. गप्प बसलेला माणूस कोण बघत बसणार?"

"आम्ही बसलो असतो."

"मग तो मणिमंत्र मनातल्या मनात म्हणा ना जरा!"

"मनात?" आजींनी जपमाळ मांडीवर आपटली. "त्या पुलावर तिला आपल्या मणिशिवाय पाऊल टाकता येत नाही. मनातलं तिला ऐकू येतं होय?"

पहिल्या रांगेत खुद्द लोद्रो आजोबा बसले होते. पडद्यावरच्या स्वतःकडं बोट करून ते घोगऱ्या आवाजात कसेबसे म्हणाले, "हा बाबा कुणाचं ऐकतच नाही."

सभागृह खदखदून हसलं. नोरझिन सोडून.

"बरं! बरं!" ती तरातरा लॅपटॉपपाशी गेली. सिनेमा मागं नेला, राणीला पुन्हा पुलाच्या अलीकडं आणलं, आणि बटणावर बोट ठेवून उभी राहिली. कडवं संपलं की बटण दाबायचं. पडद्यावरचे आजोबा अर्ध्या उघड्या तोंडानं थांबायचे. सभागृह मणि म्हणायचं. मग बटण पुन्हा दाबायचं, की राणीचं एक पाऊल पुढं. सिनेमाच्या लयीची पार वाट लागली होती. पण आता कुणी ओरडत नव्हतं. चहाचे पेलेसुद्धा जमिनीवर तसेच निवत होते.

पूल निम्मा झाला. सभागृहाचं मणि संपलं तसं नोरझिननं बटण दाबलं.

पहिल्या रांगेतून एक हात वर झाला.

लोद्रो आजोबांचे ओठ अजून मणि म्हणत हलत होते. जन्मभर या एवढ्या वेळात ते पुढच्या कडव्यासाठी दम घेत आले होते.

"थांब गं पोरी," त्यांच्या घशातून नुसती हवा आली. "माझं व्हायचंय अजून."